सौम्य मद्यवापर विकार : निदान व संकेतांकन

सौम्य मद्यवापर विकार : दारूमुळे प्रकृतीत, घरात किंवा कामात अडचणी सुरू झाल्या आहेत, पिण्यावरचा ताबा काही बाबतींत सुटू लागला आहे, पण माणूस पुरता व्यसनाधीन झालेला नाही, अशी अवस्था. अमेरिकन सायकिअ‍ॅट्रिक असोसिएशनने २०१३ मध्ये डीएसएम-५ ही निदानपुस्तिका आणली आणि ‘गैरवापर’ व ‘अवलंबित्व’ असे आधीचे दोन कप्पे मोडून एकच विकार आणि त्याच्या तीन पातळ्या ठरवल्या. १२ महिन्यांच्या कालावधीत ११ निकषांपैकी २ किंवा ३ आढळले तर विकार सौम्य, ४ किंवा ५ असतील तर मध्यम, ६ किंवा अधिक असतील तर तीव्र.

ठाणे-नवी मुंबईच्या पट्ट्यात हा विषय दोन अगदी वेगळ्या ठिकाणी हाताळला जातो. एक म्हणजे दवाखाने आणि रुग्णालयांच्या ओपीडी. दुसरे म्हणजे ऐरोलीसारख्या भागातली कार्यालये. तिथे जीवशास्त्र, फार्मसी, होमिओपॅथी, फिजिओथेरपी शिकलेली मराठी मुलेमुली अमेरिकी रुग्णालयांच्या चार्टना, म्हणजे रुग्णांच्या नोंदींना, कोड (आजाराचे ठरलेले संकेतांक) देतात. डोंबिवली-कळव्याहून कामाला येणाऱ्या कोडरला ‘एफ१०.१०’ हा सौम्य मद्यवापर विकाराचा संकेतांक तोंडपाठ असतो. कोडर राहतो त्या इमारतीखालच्या दवाखान्यातल्या केस पेपरवर मात्र हा संकेतांक सहसा उमटत नाही. हा आजार सर्वांत सहज आटोक्यात येतो तो याच पातळीवर, आणि नोंदीतून निसटतो तोही इथेच.

निदान : अकरा निकष थोडक्यात असे. ठरवल्यापेक्षा जास्त किंवा जास्त वेळ पिणे, कमी करण्याचे प्रयत्न फसणे, पिण्यात आणि त्यातून सावरण्यात बराच वेळ जाणे, तलफ येणे, कामाच्या, शाळेच्या किंवा घरच्या जबाबदाऱ्या चुकणे, भांडणे होऊनही पिणे चालू ठेवणे, आवडीच्या गोष्टी सोडून देणे, धोक्याच्या प्रसंगी वारंवार पिणे, शरीराला किंवा मनाला त्रास होतो हे कळूनही पिणे, तेवढ्याच नशेसाठी जास्त लागणे, आणि थांबवल्यावर हात थरथरणे, घाम, झोप न लागणे अशी लक्षणे दिसणे. आधीच्या आवृत्तीतला ‘कायद्याच्या कटकटी’ हा निकष वगळला गेला आणि तलफ नव्याने आली. त्यामुळे घोडबंदर रोडवरच्या नाकाबंदीत एकदा पकडले जाणे हा स्वतंत्र निकष ठरत नाही. पिऊन पाम बीच रोडवर पुन्हा पुन्हा गाडी चालवणे मात्र ठरतो, मग पोलिसांनी कधी अडवले असो वा नसो.

निकष मोजायला दोन मिनिटे पुरतात. उत्तरे मिळवायला वेळ लागतो. उदाहरणादाखल नौपाड्यातला चाळिशीचा एक काल्पनिक गृहस्थ घेऊ. अ‍ॅसिडिटीची तक्रार घेऊन फिजिशियनकडे आला आहे, शेजारी बायको बसली आहे. ‘दारू घेता का?’ या प्रश्नाला ‘घेतो कधीतरी, कंपनी म्हणून’ हे ठरलेले उत्तर येते आणि केस पेपरवर ‘ऑकेजनल’ असे लिहिले जाते. आता तेच वेगळ्या रीतीने, एकट्यात, विचारले तर? ‘आठवड्यातून किती वेळा होतं? बसलात की कितीपर्यंत जातं? घरी कसे येता?’ मग कळते की शुक्रवार-शनिवार स्टेशनजवळ बैठक असते, दोन लार्ज ठरवून बसतो आणि क्वार्टर संपते. दुसऱ्या दिवशी जळजळ होते आणि ती कशाने होते हे त्याला ठाऊक आहे. घरी बाइकवरून येतो. तीन निकष भरले, म्हणजे सौम्य विकार. पहिल्या प्रश्नाने यातले काहीच हाती लागले नव्हते.

प्रमाणाचा हिशेबही उघडपणे करावा लागतो. जागतिक आरोग्य संघटनेच्या ‘ऑडिट’ या चाचणीत एक प्रमाणित पेय म्हणजे सुमारे १० ग्रॅम शुद्ध अल्कोहोल. आपल्याकडच्या ४२.८ टक्के तीव्रतेच्या व्हिस्की-रमचा ३० मिलिलिटरचा स्मॉल म्हणजे एक पेय. त्या मापाने १८० मिलिलिटरची क्वार्टर म्हणजे सहा पेये. ८ टक्क्यांच्या स्ट्राँग बिअरची ६५० मिलिलिटरची एक बाटली चार पेयांच्या घरात जाते, आणि ‘मी फक्त बिअर घेतो’ म्हणणाऱ्याला हे सहसा कुणी सांगितलेले नसते. ऑडिटमध्ये दहा प्रश्न आणि ४० पैकी गुण असतात; ८ किंवा अधिक गुण धोक्याचे मानले जातात. ही चाळणी आहे, निदान नव्हे. जीजीटी (यकृताचे एक विकर) किंवा एमसीव्ही (तांबड्या पेशींचा सरासरी आकार) वाढलेले रक्ताचे अहवालही संशयाला बळ देतात, सौम्य विकार सिद्ध करत नाहीत. अनेक सौम्य रुग्णांचे अहवाल साफ असतात.

या भागात निदानाच्या आड येणारा एक युक्तिवाद ऐकू येतो : ‘मी श्रावण कडक पाळतो, म्हणजे मला व्यसन नाही.’ गटारीला मनसोक्त पिऊन श्रावणभर थेंबही न घेणारे आणि गणपती विसर्जनानंतर पुन्हा सुरू करणारे लोक ठाण्यापासून पनवेलपर्यंत भेटतात. महिनाभर थांबता येणे ही जमेची बाजू खरीच आणि डॉक्टरने ती रुग्णाला सांगावी. पण निकष वर्षभराचे पाहायचे असतात. उरलेल्या अकरा महिन्यांत दोन निकष भरत असतील तर श्रावणाने निदान पुसले जात नाही. उलट बाजूही तितकीच खरी : केवळ गटारीला किंवा एखाद्या हळदीला जास्त प्यायला म्हणून कोणी विकारग्रस्त होत नाही.

एम्सच्या राष्ट्रीय व्यसनमुक्ती उपचार केंद्राने सामाजिक न्याय मंत्रालयासाठी केलेल्या आणि २०१९ मध्ये प्रसिद्ध झालेल्या पाहणीनुसार भारतात १० ते ७५ वयोगटातले १४.६ टक्के लोक दारू घेतात. पुरुषांत हे प्रमाण २७.३ टक्के आणि स्त्रियांत १.६ टक्के आहे. अवलंबित्व २.७ टक्क्यांत, आणि हानिकारक वापर व अवलंबित्व मिळून ५.२ टक्क्यांत आढळले. म्हणजे अवलंबित्वापर्यंत न पोचलेला पण नुकसान सोसणारा जवळजवळ तेवढाच मोठा गट आहे. स्त्रियांना तर हा प्रश्न बहुधा विचारलाच जात नाही, आणि आकडा लहान असल्याचे कारण त्याला पुरेसे नाही.

संकेतांकन : आयसीडी म्हणजे जागतिक आरोग्य संघटनेचे आजारांचे वर्गीकरण. तिच्या अमेरिकेत वापरल्या जाणाऱ्या आयसीडी-१०-सीएम या सूचीत सौम्य विकाराला एफ१०.१० आणि मध्यम व तीव्र या दोन्हींना एफ१०.२० असा कोड आहे. सूचीची भाषा जुनीच राहिल्याने एफ१०.१० पुढे अजूनही ‘गैरवापर, गुंतागुंतविरहित’ असे वर्णन दिसते. नवख्या कोडरचा गोंधळ होतो तो इथेच, कारण चार्टमध्ये डॉक्टर ‘सौम्य विकार’ लिहितो आणि सूचीत ‘गैरवापर’ शोधावा लागतो. एकाच चार्टमध्ये वापर, गैरवापर आणि अवलंबित्व असे वेगवेगळे उल्लेख आले तर सर्वांत वरच्या पातळीचा एकच कोड द्यायचा असतो. सौम्य विकारात दारू थांबवल्याची लक्षणे दिसली तर पूर्वी त्याला जागाच नव्हती. १ ऑक्टोबर २०२० पासून एफ१०.१३ या गटातले कोड त्यासाठी आले.

कोडरला निदान करता येत नाही. चार्टमध्ये ‘रोज रात्री चार बिअर, पत्नीशी वाद, कमी करण्याचा प्रयत्न फसला’ असे स्पष्ट लिहिलेले असले, निकष मोजून तीन भरत असले, तरी डॉक्टरने विकाराचे नाव आणि पातळी लिहिलेली नसेल तर एफ१०.१० देता येत नाही. फार तर क्वेरी, म्हणजे डॉक्टरला लेखी विचारणा, टाकता येते आणि तीही उत्तर सुचवणारी नसावी. हा नियम जाचक वाटतो, विशेषतः अचूकतेची टक्केवारी दर आठवड्याला तपासली जात असताना. पण हा कोड त्या रुग्णाच्या नोंदीत वर्षानुवर्षे राहतो आणि विम्यापासून नोकरीपर्यंत त्याचे पडसाद उमटू शकतात. ज्याने रुग्णाला पाहिले नाही त्याने तो चिकटवू नये, हे योग्यच आहे.

भारतात मात्र जागतिक आरोग्य संघटनेची मूळ आयसीडी चालते. मानसिक आरोग्य सेवा अधिनियम २०१७ च्या कलम ३ नुसार मानसिक आजार ठरवताना आयसीडीच्या अद्ययावत आवृत्तीसह मान्यताप्राप्त वैद्यकीय मानके धरायची असतात, आणि दारूच्या गैरवापराशी निगडित मानसिक अवस्था त्याच कायद्याच्या व्याख्येत येतात. आयसीडी-१० मध्ये ‘सौम्य’ अशी पातळीच नाही. एफ१०.१ म्हणजे हानिकारक वापर, एफ१०.२ म्हणजे अवलंबित्व. हानिकारक वापरासाठी शरीराला किंवा मनाला झालेली प्रत्यक्ष इजा दाखवावी लागते. चिकित्सकांच्या मार्गदर्शिकेनुसार नुसता नवरा-बायकोचा वाद किंवा अटक पुरत नाही. अवलंबित्वाला सहापैकी तीन लक्षणे लागतात. त्यामुळे दोन्ही पद्धतींचे सांधे जुळत नाहीत. वरच्या गृहस्थाची जठराची सूज दारूमुळेच आहे असे डॉक्टरने नोंदवले तर त्याला एफ१०.१ बसतो. तलफ, सुटलेला ताबा आणि वाढलेली सहनशक्ती अशी तीनच लक्षणे असलेला दुसरा रुग्ण डीएसएमनुसार सौम्य ठरेल, ऐरोलीत बसलेला कोडर त्याला एफ१०.१० देईल, आणि ठाण्यातला मनोविकारतज्ज्ञ आयसीडी-१० नुसार त्याच माणसाला एफ१०.२ लिहील. दोघेही आपापल्या जागी बरोबर असतील.

१ जानेवारी २०२२ पासून लागू झालेल्या आयसीडी-११ मध्ये हानिकारक वापराची एकच घटना (६सी४०.०), हानिकारक वापराचा नमुना (६सी४०.१) आणि अवलंबित्व (६सी४०.२) अशी मांडणी आहे. इजा अजून झालेली नाही पण धोका आहे, अशा वापरासाठी आजारांच्या बाहेर क्यूई१० हा कोड आहे. दारूमुळे दुसऱ्याच्या प्रकृतीला झालेली इजाही आता हानिकारक वापरात धरली जाते. मारहाण सोसणाऱ्या घरांच्या दृष्टीने ही सुधारणा मोलाची आहे.

नोंद टाळण्याची कारणे : ‘डॉक्टर, तेवढं दारूचं लिहू नका’ ही विनंती रुग्णालयात नवी नाही, आणि तिच्यामागे निव्वळ लाज नसते. २०१७ च्या अधिनियमाचे कलम २१ मानसिक आजाराला शारीरिक आजाराच्या बरोबरीने विमासंरक्षण द्यायला सांगते. पण विमा नियामकाने २०१९ मध्ये प्रमाणित केलेल्या अपवादांत मद्यासक्ती आणि तिचे परिणाम यांवरचा उपचार वगळण्याची तरतूद आहे. डिस्चार्ज कार्डवर दारूचा उल्लेख आला तर टीपीए (विमा कंपनीसाठी दावे हाताळणारी संस्था) दावा अडवेल ही भीती त्यामुळे निराधार नाही. परिणामी दारूने झालेले फॅटी लिव्हर के७०.० (दारूजन्य) ऐवजी के७६.० (इतर) या कोडखाली जाते, जठराची सूज नुसतीच सूज राहते, आणि पुढच्या डॉक्टरला मूळ कारण कळत नाही. कलम २३ रुग्णाला गोपनीयतेचा हक्क देते. तो हक्क रुग्णाला समजावून सांगून खरी नोंद ठेवणे हा मार्ग अवघड आहे, तरी खोट्या नोंदीने रुग्णाचे जास्त नुकसान होते.

उपचार आणि पुढची नोंद : सौम्य पातळीवर बहुतेकांना भरती व्हावे लागत नाही. पाच ते पंधरा मिनिटांचा मोकळा, दोष न देणारा सल्ला, प्रमाणाची लेखी नोंद, ठरवलेली मर्यादा किंवा पूर्ण विराम, आणि महिन्याभराने पुन्हा भेट एवढ्यानेही पुष्कळांचे पिणे कमी होते. जोडीला नैराश्य किंवा चिंता असेल तर मनोविकारतज्ज्ञाकडे पाठवावे. ठाण्यात १९०१ पासूनचे प्रादेशिक मनोरुग्णालय आणि १९९० मध्ये सुरू झालेली आयपीएच (इन्स्टिट्यूट फॉर सायकॉलॉजिकल हेल्थ) ही मानसिक आरोग्यासाठी काम करणारी संस्था आहे. फोनवरून बोलायचे असल्यास टेली-मानस ही सरकारी मानसिक आरोग्य सेवा (१४४१६) आणि राष्ट्रीय व्यसनमुक्ती हेल्पलाइन (१४४४६) उपलब्ध आहेत. मात्र सकाळी हात थरथरतात, पूर्वी फिट आली आहे, असे सांगणाऱ्याने दारू एकदम आणि एकट्याने थांबवू नये. त्याला वैद्यकीय देखरेख लागते.

तीन महिने एकही निकष भरला नाही तर प्रारंभिक उपशम (आजार शमणे) आणि १२ महिने भरला नाही तर कायम उपशम मानतात. यात तलफ मोजत नाहीत. ती उरली तरी उपशम धरला जातो. अमेरिकी सूचीत सौम्य विकाराच्या उपशमाला एफ१०.११ हा कोड आहे, पण तोही डॉक्टरने ‘उपशम’ असे लिहिल्यावरच देता येतो. ‘हल्ली पीत नाही’ एवढ्या नोंदीवर तो देत नाहीत.