टायटनांची पिढी : ग्रीक देवांच्या सत्तांतराच्या कथेमागचा इतिहास

ग्रीक पुराणकथांत ऑलिंपस पर्वतावरील देवांची सत्ता अनादी मानलेली नाही. झ्यूसच्या आधी त्याचा पिता क्रोनस राज्य करीत होता, क्रोनसच्या आधी त्याचा पिता युरेनस, म्हणजे साक्षात आकाश. आणि दोन्ही वेळा सत्ता पित्याकडून पुत्राकडे गेली ती वारशाने नव्हे, तर कपटाने आणि बळाने. क्रोनस आणि त्याची भावंडे म्हणजे टायटन. रिया, थीमिस यांच्यासारखे अपवाद सोडले तर या टायटनांची ग्रीसमध्ये फारशी पूजा होत नसे. याउलट झ्यूस, हेरा, पोसायडन, हर्मीस यांना इ.स.पू. १२०० च्या सुमारासच दक्षिण ग्रीसमधील पायलोसच्या राजवाड्यातून नैवेद्य आणि भेटी जात होत्या, हे तेथील मृत्तिकाफलकांवरून दिसते; १९५२ मध्ये मायकेल व्हेंट्रिस यांनी त्या लिपीचा उलगडा केला, तेव्हा ही नोंद वाचता आली. ज्यांना देवळे नाहीत, भक्त नाहीत, असे देव विश्वोत्पत्तीच्या कथेत इतकी मोठी जागा का व्यापतात, याचे उत्तर ग्रीसच्या सीमेबाहेर गेल्याशिवाय मिळत नाही.

आपल्याला माहीत असलेली कथा प्रामुख्याने हेसिअडची आहे. हा कवी इ.स.पू. ७०० च्या सुमारास बिओशिया प्रांतातील अ‍ॅस्क्रा या खेड्यात राहत होता, आणि हेलिकॉन डोंगराच्या पायथ्याशी मेंढरे राखत असताना कलादेवतांनी आपल्याला गाण्याची प्रेरणा दिली, असे तो स्वतःच सांगतो. सुमारे हजार ओळींच्या त्याच्या ‘थिऑगनी’ या काव्यात पृथ्वी (गाया) आणि आकाश यांच्यापासून बारा टायटन, तीन एकाक्ष सायक्लोप्स आणि तीन शतहस्त राक्षस जन्मतात. युरेनस आपल्या संततीला पृथ्वीच्या पोटातच कोंडून ठेवतो, तेव्हा वेदनेने त्रासलेली गाया एक विळा घडवते आणि धाकटा क्रोनस त्या विळ्याने पित्याचे लिंग छाटतो. पुढे आपल्यालाही आपलाच मुलगा पदच्युत करणार हे कळल्यावर क्रोनस पाच अपत्ये जन्मताच गिळून टाकतो. सहाव्या वेळी रिया बाळ झ्यूसला क्रीट बेटावर लपवते आणि नवऱ्याच्या हाती दुपट्यात गुंडाळलेला दगड देते. झ्यूस मोठा झाल्यावर ओथ्रिस पर्वतावरचे टायटन आणि ऑलिंपसवरचे नवे देव यांच्यात दहा वर्षे युद्ध होते, आणि शेवटी पराभूत टायटनांना टार्टारसमध्ये डांबले जाते. ते ठिकाण किती खोल, हे सांगण्यासाठी हेसिअड म्हणतो की आकाशातून सोडलेली काशाची ऐरण नऊ दिवस-रात्र पडत राहून दहाव्या दिवशी पृथ्वीवर पोहोचेल आणि तेथून टार्टारसपर्यंत जायला तिला पुन्हा तेवढाच काळ लागेल.

विसाव्या शतकापर्यंत ही कथा ग्रीकांचीच निर्मिती मानण्यास फारशी अडचण नव्हती. १९०६ पासून आजच्या तुर्कस्तानातील बोगाझकॉय येथे हिटाइट या प्राचीन लोकांच्या साम्राज्याची राजधानी हट्टुशा खणली जाऊ लागली आणि तेथील दप्तरखान्यात हजारो मृत्तिकाफलक सापडले. मित्र, वरुण, इंद्र आणि नासत्य यांची नावे असलेला मितान्नी राज्याबरोबरचा तह याच दप्तरखान्यातला, त्यामुळे भारतीय इतिहासाच्या अभ्यासकांना हे गाव परिचित आहे. तेथील आणखी एका फलकावर मुळात हुरियन या हिटाइटांच्या शेजारी लोकांची असलेली एक कथा होती. तीत अलालू स्वर्गात नऊ वर्षे राज्य करतो, अनू त्याला हटवून नऊ वर्षे राज्य करतो, आणि मग कुमार्बी अनूवर चालून जातो. आकाशाकडे पळणाऱ्या अनूचे लिंग तो दाताने तोडून गिळतो, आणि त्यामुळे त्याच्या पोटात जो वादळदेव वाढतो तोच पुढे त्याला पदच्युत करतो. पुढचा मजकूर तुटका आहे, तरी त्यात कुमार्बीचे दात दुखावणाऱ्या दगडाचा उल्लेख आहे. अनू म्हणजे आकाश. लिंगच्छेद, गिळणे, दगड आणि शेवटी वज्रधारी वादळदेवाचा विजय हा सारा क्रम हेसिअडच्या आधी किमान पाच शतके लिहिला गेला होता.

माझ्या मते याहून बोलका पुरावा हिटाइटांच्या ‘पूर्वीच्या देवां’चा आहे. वादळदेवाने पाताळात ढकललेल्या या देवांची संख्या बहुतेकदा बारा असते आणि राजे तह करताना त्यांना साक्षीला बोलावतात. तसेच होमरच्या ‘इलियड’च्या चौदाव्या सर्गात हेरा शपथ घेताना टार्टारसखालच्या टायटनांची नावे उच्चारते. उलिकुम्मी या दगडी राक्षसाच्या कथेत तर आकाश आणि पृथ्वी ज्या तांब्याच्या हत्याराने पूर्वी एकमेकांपासून कापून वेगळी केली, ते हत्यार या पूर्वीच्या देवांच्याच कोठारातून बाहेर काढले जाते. क्रोनसचा विळा त्याच जातीचा. पूजेविना उरलेले टायटन हे अशा पदच्युत देवमंडळाचे ग्रीक रूप मानले, तर त्यांना देवळे का नाहीत हे सहज समजते.

कथा पश्चिमेला कशी आली, याचा एक मार्ग बराच स्पष्ट आहे. सीरिया आणि तुर्कस्तान यांच्या सीमेवर समुद्रालगत जबल अक्रा हा डोंगर उभा आहे. हिटाइट त्याला हझ्झी म्हणत आणि समुद्रातून वाढणारा उलिकुम्मी वादळदेवाला याच डोंगरावरून दिसतो. ग्रीक त्याला कासिऑस म्हणत आणि झ्यूसने टायफॉन या राक्षसाचा पाठलाग तिथवर केला असे सांगत. जवळच अल मीना येथे लिओनार्ड वूली यांनी १९३० च्या दशकात खणून काढलेल्या बंदरात इ.स.पू. आठव्या शतकातील ग्रीक, विशेषतः युबीआ बेटावरची, मातीची भांडी निघाली. युबीआ बिओशियाच्या अगदी समोर आहे आणि आपण आयुष्यात एकदाच समुद्र ओलांडला तो युबीआला काव्यस्पर्धेसाठी जाताना, असे हेसिअडने नोंदवून ठेवले आहे.

तरीही हेसिअडला केवळ उसनवारी करणारा मानणे अन्यायाचे होईल. मेटिस या बुद्धिरूप पत्नीच्या पोटी जन्मणारा मुलगा आपल्यावर मात करील हे कळताच त्याचा झ्यूस मुलांना नव्हे, तर गरोदर मेटिसलाच गिळतो. अथेना त्याच्या मस्तकातून जन्मते, तो मुलगा कधीच जन्मत नाही आणि पिढ्यान्‌पिढ्यांचे सत्तांतर तिथेच थांबते. शिवाय हा झ्यूस मित्रदेवांना त्यांच्या त्यांच्या अधिकारांची वाटणी करून देतो.

ग्रीकांना स्वतःला ही कथा पुढे जड जाऊ लागली. हेसिअडच्याच दुसऱ्या काव्यात क्रोनसचा काळ सुवर्णयुग म्हणून येतो आणि अथेन्समध्ये क्रोनिया या उन्हाळी सणाला मालक आणि गुलाम एकत्र जेवत. मुले खाणाऱ्या पित्याच्या नावाने समतेचा दिवस साजरा व्हावा, ही विसंगती कोणीही मिटवली नाही. तत्त्वचिंतक कवी झेनोफनीसने देवांवर चोरी आणि व्यभिचार लादल्याबद्दल होमर आणि हेसिअड यांना दोष दिला. प्लेटोने युरेनस-क्रोनसची गोष्ट लहानांच्या कानी पडू नये असे म्हटले. कवी पिंडारने वेगळी वाट काढली. इ.स.पू. ४७६ च्या एका स्तोत्रात त्याने क्रोनसला पुण्यवंतांच्या बेटावरचा राजा केले, आणि इ.स.पू. ४६२ च्या दुसऱ्या एका स्तोत्रात अविनाशी झ्यूसने टायटनांना बंधमुक्त केल्याचे सांगितले.