मेहता, सर फिरोजशहा मेरवानजी

(४ ऑगस्ट १८४५–५ नोव्हेंबर १९१५). मुंबईचे नामांकित बॅरिस्टर, नेमस्त राजकीय पुढारी व मुंबई नगरपालिकेचे अध्यक्ष. जन्म मुंबईतील पारशी व्यापारी कुटुंबात. एल्फिन्स्टन कॉलेजातून एम. ए. होऊन ते लंडनला गेले आणि लिंकन्स इनमधून बॅरिस्टर होऊन १८६८ मध्ये परतले. सुरुवातीच्या वकिलीचा मोठा भाग काठियावाड-गुजरातेत झाला.

‘मुंबईचे महापौर’ हा त्यांचा रूढ उल्लेख काटेकोर नाही. १८७२ च्या कायद्यात हे पद ‘चेअरमन’ होते, १८८८ च्या कायद्यात ‘प्रेसिडेंट’. ‘मेयर’ हे नाव १९३१ मध्ये आले. मेहता १८८४ व १८८५ साली लागोपाठ आणि पुढे १९०५ साली त्या खुर्चीवर बसले.

त्यांच्या नगरकार्याचा उगम १८७१ च्या वादात आहे. १८६५ पासून शहराचा कारभार जस्टिस ऑफ द पीस (सरकारने नेमलेले मानद दंडाधिकारी) यांच्या मंडळाच्या नावाने, पण प्रत्यक्षात आयुक्त आर्थर क्रॉफर्ड यांच्या हाती होता. क्रॉफर्ड यांनी शहर सुधारले आणि तिजोरी रिकामी केली. चिडलेल्या करदात्यांच्या पुढाऱ्यांना कारभार पाहणारी समिती हवी होती. फ्रामजी कावसजी इन्स्टिट्यूटमधील व्याख्यानात मेहतांनी उलट बाजू घेतली : अंमल एकाच जबाबदार अधिकाऱ्याकडे असावा, त्याच्यावर लोकनियुक्त सभेचा व हिशेबतपासनिसाचा वचक असावा. श्रोत्यांना हे रुचले नाही. १८७२ च्या कायद्याने ६४ सभासदांपैकी निम्मे करदात्यांनी निवडण्याची तरतूद केली. तिचे जनकत्व चरित्रकार सरळ मेहतांना देतात. साम्य ठळक आहे. मात्र करदात्यांच्या चळवळीचा रेटा वगळून ते पटण्याजोगे नाही.

१८८८ च्या तिसऱ्या कायद्याबाबत मतभेद कमी आहेत. मूळ विधेयकात आयुक्ताचे वर्चस्व होते. कायदेमंडळात मेहता व काशिनाथ त्र्यंबक तेलंग यांनी त्यास विरोध केला आणि गव्हर्नर लॉर्ड रे यांच्या काळात मसुदा बराच बदलला. महापालिका, स्थायी समिती व आयुक्त ही त्यातील तिहेरी रचना मुंबईत अद्याप टिकून आहे. ७२ पैकी ३६ सभासद प्रभागांतून येऊ लागले, उरलेले जस्टिस, सरकार, व्यापारी मंडळ व विद्यापीठ यांच्याकडून.

मेहता स्वतः १९०७ मध्ये जस्टिसांच्या मतदारसंघातून उभे होते. त्यांना पाडण्यासाठी काही युरोपीय अधिकाऱ्यांनी व पत्रकारांनी गट बांधला. तो ‘कॉकस’ म्हणून प्रसिद्ध आहे. सोळा जागा होत्या, मेहता सतरावे आले. निवडून आलेला एक जण पुढे अपात्र ठरला आणि ते सभागृहात परतले.

काँग्रेसचे अध्यक्षपद (कलकत्ता, १८९०), ‘सर’ हा किताब (१९०४) व ‘बॉम्बे क्रॉनिकल’ची स्थापना (१९१३) हे त्यांच्या सार्वजनिक जीवनाचे इतर टप्पे. महापालिका इमारतीसमोरील त्यांचा पुतळा १९२३ मधील आहे.