कागदी मुलगे

कागदोपत्री दुसऱ्याचा मुलगा होऊन अमेरिकेत शिरलेल्या चिनी स्थलांतरितांना ‘कागदी मुलगे’ म्हणतात. १८८२ च्या चिनी बंदी कायद्याने मजुरांना दार बंद झाले. व्यापारी, विद्यार्थी, शिक्षक अशा मोजक्यांना मुभा राहिली. पण अमेरिकेत जन्मलेला चिनी जन्मानेच नागरिक ठरतो, असा निकाल वाँग किम आर्क खटल्यात १८९८ साली लागला, आणि नागरिकाची चीनमध्ये जन्मलेली मुलेही नागरिकच होती. १८ एप्रिल १९०६ च्या भूकंपानंतरच्या आगीत सॅन फ्रान्सिस्कोच्या जन्मनोंदी जळाल्या. ‘माझा जन्म इथलाच’ हा दावा खोडायला मग कागदच उरला नाही.

असा नागरिक ग्वांगडाँग प्रांतातल्या, बहुधा ताइशान भागातल्या, आपल्या गावी जाऊन आला की मुलगा झाल्याचे सांगे. मुलगी झाली असो वा काहीच झाले नसो, नोंद मुलाची. नोंदीतली ही मुलाची जागा पुढे भावकीत दिली जाई किंवा दलालामार्फत विकली जाई. सर्वसाधारण भाव वयाच्या दर वर्षाला १०० डॉलर. पंधरा वर्षांच्या मुलाचे १,५००. वय नोंदीशी जुळणे मात्र भाग होते.

जागेबरोबर पढवणीची वही येई, त्यात कागदी घराची आणि गावाची माहिती असे. बोटीवर ती पाठ करायची आणि बंदर दिसण्याआधी समुद्रात टाकायची. सॅन फ्रान्सिस्कोच्या खाडीतल्या एंजल बेटावरच्या स्थलांतरितांच्या ठाण्यात (१९१०–४०) अधिकारी दुभाष्यामार्फत विचारत: घराचे तोंड कुठल्या दिशेला? दाराला पायऱ्या किती? तांदळाचे पिंप कुठे असते? ओळीतल्या तिसऱ्या घरात कोण राहते? हेच प्रश्न बापाला आणि भावालाही. उत्तरे जुळली नाहीत की परत पाठवणी, नाहीतर वॉशिंग्टनकडे अपील आणि महिनोन्‌महिने कोठडी. खऱ्या मुलांनाही वही चुकत नसे, हे विशेष. बापाने दहा वर्षांपूर्वी पाहिलेले घर आणि मुलाने नुकतेच सोडलेले घर यांत एका पायरीचा फरक पडला, तरी सख्खा मुलगा खोटा ठरू शके.

आत आल्यावरही सुटका नव्हती. कागदी आडनाव बायकोमुलांना चिकटे. सख्ख्या भावाला भाऊ म्हणून बोलावता येत नसे. बंदी कायदा १९४३ मध्ये रद्द झाला, पण वर्षाला जेमतेम १०५ जणांना प्रवेश होता. १९५६ पासून सरकारने कबुलीजबाबाची योजना राबवली: खोटी ओळख कबूल करणाऱ्याला कायदेशीर दर्जा मिळू शके. एकाच्या कबुलीत सारे कागदी गणगोत उघडे पडे, त्यामुळे पुष्कळजण गप्पच राहिले. अशा काहींच्या थडग्यांवर इंग्रजीत कागदी आडनाव आहे, चिनी अक्षरांत खरे.