काळ गोठवण्याचं तंत्र

काळ गोठवण्याचं तंत्र म्हणजे एखाद्या ठरावीक जागेतला काळ थांबवून धरायचा, आतली वस्तू किंवा माणूस आहे तसा राहणार आणि बाहेर घड्याळ चालूच, अशी विज्ञानकथांमधली कल्पना. इंग्रजी कथांत स्टॅसिस फील्ड म्हणतात, इथं सोपं म्हणून काळपेटी म्हणू. असं मशीन प्रत्यक्षात कुठंही नाही.

फ्रीजशी याची गल्लत करू नये. फ्रीजमध्ये दूध नासायचं थांबत नाही, फक्त हळू नासतं. काळपेटीत काहीच होत नाही, कोल्हापुरात गंगावेशीतल्या कट्ट्यावर पिळलेलं धारोष्ण दूध फेसासकट ठेवलं तर वर्षानं पण फेसासकट आणि तेवढंच कोमट निघणार.

कथांमध्ये याचे दोन प्रकार दिसतात. एकात सगळं जग थांबतं आणि एकच माणूस हिंडतो, ऐकायला भारी वाटतं पण जमत नाही, कारण हवा थांबली म्हणजे ती नाकात शिरणार नाही, अंगाभोवती भिंतीसारखी राहणार, आणि उजेडही थांबला म्हणजे डोळ्यापुढं नुसता अंधार. दुसरा प्रकार पेटीचा, आत काळ बंद बाहेर चालू, विचार करायला हाच खरा.

पण पेटीलाही उजेडाची अडचण आहेच. अंबाबाईच्या देवळातला किरणोत्सव घ्या, ३१ जानेवारी ते २ फेब्रुवारी आणि ९ ते ११ नोव्हेंबर, मावळतीचं ऊन महाद्वारातून गरुड मंडपातून गाभाऱ्यात येतं, पायावरून कमरेवर आणि ढग किंवा मधलं बांधकाम आड आलं नाही तर चेहऱ्यापर्यंत जातं. काही मिनिटांचा खेळ. तो क्षण गोठवावा असं प्रत्येकाला वाटतं, मलाही दरवेळी वाटतं, पण गोठवला तर किरण जागेवर थांबणार, डोळ्यापर्यंत येणारच नाहीत, मग दिसणार काय? म्हणून पेटी बाहेरून आरशासारखी असणार असं बऱ्याच कथांत मानतात, उजेड आत शिरत नाही, वरूनच परत फिरतो.

खऱ्या विज्ञानात काळ थांबत नाही पण हळू नक्की होतो. १९७१ मध्ये अणुघड्याळं विमानातून पृथ्वीभोवती फिरवली तेव्हा जमिनीवरच्या घड्याळांशी फरक पडलेला मोजता आला. जीपीएस उपग्रहांची घड्याळं आपल्यापेक्षा दिवसाला साधारण ३८ मायक्रोसेकंद पुढं पळतात, ते दुरुस्त केलं नाही तर मोबाईलमधला नकाशा भरकटतो. आणि भौतिकशास्त्रज्ञ लेने हाउ यांच्या टीमनं १९९९ मध्ये सोडियमच्या अतिथंड अणूंच्या ढगात प्रकाश सेकंदाला १७ मीटरवर आणला, २००१ मध्ये क्षणभर थांबवून परत सोडला. प्रकाश थांबला, काळ नाही, हे लक्षात ठेवायचं.

आता उपयोग. आपल्या भागात पहिला आठवतो तो ऊस. तोडल्यापासून उसातली साखर घटायला लागते, वजन उतरतं, आणि कारखान्याच्या गेटवर ट्रॅक्टर-ट्रॉल्यांची रांग लागली की शेतकरी बसतो वाढं सुकताना बघत. तो ऊस पेटीत गेला तर रांग चार दिवसांची असली तरी साखरेचा उतारा तोडल्या तासाचाच. गुऱ्हाळात मात्र पेटीचं काही काम नाही, कारण गुळव्या काहिलीतला थेंब पाण्यात टाकून बोटानं गोळी वळून बघतो, तिथं वेळ थांबवून चालत नाही, वेळ नेमकी पकडायची असते.

दुसरा उपयोग दवाखान्यातला. दान केलेलं हृदय बर्फात घालून साधारण चार ते सहा तासच टिकतं, पेटीत असतं तर घाईच नको.

पुराचं मात्र बघून बोलावं. २०१९ च्या ऑगस्टमध्ये पंचगंगा राजाराम बंधाऱ्यावर ४३ फुटांची धोका पातळी ओलांडून ५५ फुटांच्या वर गेली, शिरोलीजवळ पुणे-बंगळूर हायवे बंद पडला. पाणी गोठवलं असतं तर? तर गोठलेलं पाणी दगडाच्या बांधासारखं उभं राहिलं असतं आणि मागून भोगावती, कासारी, कुंभी, तुळशीचं येणारं पाणी बाजूच्या गावांत घुसलं असतं, शिवाय सोडल्यावर ते आधीच्याच वेगानं सुटणार. पूर अडवायला हे तंत्र नकोच. पण सातबाराचे कागद, बियाणं, लग्नाचे फोटो ठेवायची घरात एक लहान पेटी असती तर किती घरांचं दुःख वाचलं असतं, कारण जिथं उजेड शिरत नाही तिथं पाणीही शिरत नाही.

सगळ्यात अवघड भाग चावीचा. आतल्या माणसाला काळच नाही म्हणजे तो आतून बटण दाबू शकत नाही, टायमर बाहेरच लागणार आणि बाहेरच्यांच्या हातात. औषध निघेपर्यंत आजारी आईला पेटीत ठेवलं असं समजा. तिच्यासाठी झाकण लागलं आणि लगेच उघडलं, एवढंच. समोर पोरगा उभा, केस पांढरे झालेले, तिच्यापेक्षा वयानं मोठा.