ल्युदमिला गुर्चेन्को : एका हिटनंतरची सोळा-सतरा वर्षं

सोव्हिएत सिनेमा म्हटलं की आपल्याकडे फिल्म सोसायटीवाले लगेच आयझेनस्टाईन, तारकोव्हस्की सुरू करतात, पण रशियात घराघरात माहीत असलेली नावं वेगळीच, आणि त्यात अभिनेत्री-गायिका गुर्चेन्को फारच वर. नवीन वर्षाच्या रात्री तिचं 'पाच मिनिटं' हे गाणं तिकडे अजून लागतं. ते गाणं 1956 च्या 'कार्निव्हल नाइट'मधलं, डायरेक्टर एल्दार रियाझानोव. ही तेव्हा मॉस्कोच्या फिल्म इन्स्टिट्यूटमध्ये गेरासिमोव आणि माकारोवा यांच्या हाताखाली शिकत होती, वय जेमतेम एकवीस. पिक्चर तुफान चालला, साडेचार कोटींहून जास्त लोकांनी बघितला आणि पोरगी एका रात्रीत स्टार.

आता खरी गोष्ट त्याच्या आधीची आणि नंतरची आहे. जन्म 1935 चा, युक्रेनमधल्या खारकोव्हचा. वडील बायान, म्हणजे एक प्रकारचं अकॉर्डियन, वाजवायचे, युद्ध सुरू झालं तसे फ्रंटवर गेले आणि ही आईबरोबर जर्मनांच्या ताब्यातल्या शहरात अडकली. उपासमार, बाजारात लोकांना जाहीर फाशी, आणि ही पाच-सहा वर्षांची मुलगी जर्मन सैनिकांसमोर गाऊन-नाचून खायला मिळवायची. हे सगळं तिने पुढे स्वतःच्या आठवणींत लिहिलंय, आणि बाई लिहायची पण भारी.

मग हिटनंतर माशी कुठे शिंकली? स्टुडंट असल्यामुळे पैसे नव्हते, म्हणून फॅक्टऱ्या, क्लब वगैरे ठिकाणी रोख पैसे घेऊन प्रोग्राम करायची. त्यावर पेपरात छी-थू करणारे लेख आले, पैशाला हपापलेली वगैरे. ती स्वतः नंतर सांगायची की 1957 च्या मॉस्को युवक महोत्सवात परदेशी पाहुण्यांवर नजर ठेवायला केजीबीने, म्हणजे सोव्हिएत गुप्तहेर खात्याने, सांगितलं होतं, तिने नाही म्हटलं, आणि खरं कारण ते. काहीही असो, कामं आटली. 1965 च्या 'कामगार वस्ती'मध्ये सीरियस रोल छान केला, पण लोकांच्या डोक्यात ती बारीक कंबरेची गाणारी मुलगीच बसलेली. मला वाटतं हा शिक्का केजीबीपेक्षा जास्त नडला.

गाडी रुळावर आली ती थेट 1973-74 मध्ये, 'जुन्या भिंती'मधून, त्यात ती कापड गिरणीची डायरेक्टर आहे, नाच नाही गाणं नाही, आणि त्यासाठी 1976 मध्ये स्टेट प्राइज मिळालं. त्याच 1976 मध्ये 'मामा' (रशियनमध्ये आई) या पिक्चरच्या शूटिंगला बर्फावर पडून पायाचा पार चुरा झाला (तरी पुढे नाचलीच!). मग अलेक्सेई गेर्मानचा 'युद्धाविना वीस दिवस', मिखाल्कोवचा 'पाच संध्याकाळी', जो त्याने 'ओब्लोमोव' या आपल्याच दुसऱ्या पिक्चरच्या शूटिंगमध्ये गॅप पडली तेव्हा महिन्याभरात उरकला. यातला तिचा थकलेला, ताठ चेहरा बघा, खारकोव्ह तिथे दिसतं, अ‍ॅक्टिंगच्या शाळेत ते शिकवत नाहीत.

परत रियाझानोवकडे गेली ती 'दोघांसाठी स्टेशन'साठी, रेल्वे स्टेशनच्या रेस्टॉरंटमधली वेट्रेस. 1983 मध्ये तो फ्रान्सच्या कान फिल्म फेस्टिव्हलला स्पर्धेत होता, त्याच वर्षी तिला सोव्हिएत संघाची पीपल्स आर्टिस्ट ही पदवी मिळाली. 2011 मध्ये मॉस्कोत वारली. तिचं काही बघायचं असेल तर 'कार्निव्हल नाइट'ने सुरुवात नका करू, आधी 'पाच संध्याकाळी' बघा.