लिंडेनश्ट्रासे

लिंडेनश्ट्रासे ही जर्मनीची सगळ्यात जास्त वर्षं चाललेली साप्ताहिक कौटुंबिक मालिका. ८ डिसेंबर १९८५ ला एआरडी या सार्वजनिक वाहिनीवर पहिला भाग लागला, २९ मार्च २०२० ला शेवटचा, एकूण १७५८ भाग, म्हणजे दर रविवारी संध्याकाळी अर्धा तास लोक टीव्हीपुढे बसायचे आणि हे चौतीस वर्षं चाललं! हान्स गाइसेनडोर्फर यांनी ब्रिटनची कोरोनेशन स्ट्रीट ही मालिका बघून ही कल्पना उचलली. गोष्ट म्युनिकमधल्या एका गल्लीची, पण शूटिंग कोलोनला, डब्ल्यूडीआर या तिथल्या प्रसारण संस्थेच्या आवारात खास उभारलेल्या सेटवर.

तेव्हा जर्मनीत डॅलससारख्या श्रीमंतांच्या मालिकांची क्रेझ होती. इथे मात्र भाड्याची घरं, कोपऱ्यावरचं ग्रीक हॉटेल आणि सगळ्यांच्या घरात नाक खुपसणारी एल्झं क्लिंग. मध्यभागी बाइमर कुटुंब. आई हेल्गा, टेन्शन आलं की सरळ किचनमध्ये जाऊन अंडी फ्राय करायला घेणार, आणि टेन्शन तर येतच राहिलं, नवरा हान्स दुसरीच्या प्रेमात पडून घर सोडून गेला, पुढे एक मुलगाही अपघातात गेला.

मला या मालिकेची खरी ताकद वाटते ती बाहेरच्या काळाशी पाऊल जुळवण्यात. बहुतेक भाग त्याच आठवड्यातल्या गुरुवारी घडायचे, बाहेर नाताळ असेल तर गल्लीतही नाताळ, निवडणुकीच्या रविवारी तर पात्रं त्याच संध्याकाळच्या निकालावर बोलायची. त्यामुळे बाहेरच्या जगातलं काहीच आत यायचं राहिलं नाही. १९८८ मध्ये बेनो त्सिमरमान हे पात्र एड्सने गेलं, तेही लोक या आजाराचं नाव घ्यायला घाबरायचे तेव्हा. बाइमरांचा धाकटा क्लाउस काही काळ निओ-नाझी पोरांच्या नादी लागला. १९९० मध्ये कार्स्टन आणि रोबेर्ट या दोन पुरुषांचं चुंबन दाखवलं तर कार्स्टन करणाऱ्या गेओर्ग उकरला चक्क जिवे मारण्याच्या धमक्या आल्या, पण कार्स्टन मालिकेत राहिला, गल्लीतला एक साधा शेजारी म्हणून, आणि हेच मला सगळ्यात मोठं वाटतं.

टिल श्वाइगर पुढे सिनेमात स्टार झाला, सुरुवात इथलीच.

प्रेक्षक घटत गेले आणि २०१८ मध्ये एआरडीने मालिका बंद करायचं ठरवलं, तेव्हा चाहते कोलोनमध्ये रस्त्यावर उतरले, पण निर्णय काही बदलला नाही. हेल्गा झालेल्या मारी-लुइझं मार्यान पहिल्या भागापासून शेवटच्या भागापर्यंत होत्या. क्लाउस करणारा मोरित्स झाक्सही, आला तेव्हा शाळकरी पोर होता, निघाला तेव्हा चाळिशी ओलांडलेली.