ओउतिनेन, काती

(१७ ऑगस्ट १९६१ – ). फिनलंडची रंगभूमी व चित्रपट अभिनेत्री आणि अभिनयाची प्राध्यापिका. पूर्ण नाव आन्ना कात्रीना ओउतिनेन. जन्म हेलसिंकी येथे. दिग्दर्शक आकी काउरिस्मॅकी यांच्या चित्रपटांतल्या कामगार स्त्रियांच्या भूमिकांमुळे त्यांचे नाव जगभर गेले. ‘भूतकाळ नसलेला माणूस’ (मिएस वैल्ला मेन्नेइस्युत्तॅ) या चित्रपटासाठी २००२ मध्ये फ्रान्समधील कान चित्रपट महोत्सवात त्यांना सर्वोत्कृष्ट अभिनेत्रीचे पारितोषिक मिळाले.

पडद्यावर त्या पहिल्यांदा ठळकपणे दिसल्या त्या १९८० साली, तापिओ सुओमिनेन यांच्या ‘तॅल्ता तुल्लान, एलॅमॅ’ (आयुष्या, आलोच आम्ही) या चित्रपटात. हेलसिंकीच्या उपनगरांत भटकणाऱ्या, शाळेशी न पटणाऱ्या पोरांची ही गोष्ट. तिच्यातली ओउतिनेन यांची लिस्सू तोंडाळ आहे आणि कुणाला भीक घालत नाही. पुढे ज्या शांत चेहऱ्यासाठी ओउतिनेन ओळखल्या गेल्या, त्याचा इथे मागमूसही नाही.

त्याच सुमारास त्यांनी हेलसिंकीच्या नाट्य अकादमीत प्रवेश घेतला. तो काळ योउको तुर्क्का यांचा. १९८०च्या दशकाच्या पूर्वार्धात अकादमीची सूत्रे हाती असलेल्या या दिग्दर्शकाने विद्यार्थ्यांना अक्षरशः घाम गाळायला लावला. शरीर थकेपर्यंत राबवायचे, आवाज फाटेपर्यंत लावायचा आणि सभ्य, मोजूनमापून केलेला अभिनय मोडून काढायचा, अशी त्यांची पद्धत होती. फिनिश रंगभूमीवर या पद्धतीवरून पुढे बरीच वर्षे भांडणे झाली. या तालमीतून बाहेर पडलेली नटी पडद्यावर भुवईसुद्धा न हलवण्यासाठी प्रसिद्ध व्हावी, हा योगायोग गमतीचा खरा. पण निव्वळ योगायोग म्हणून तो सोडून देता येत नाही. ज्याच्याकडे दाबून धरण्याजोगे काही असते त्याचेच स्थिर राहणे पाहण्यासारखे होते.

काउरिस्मॅकी यांच्याबरोबरचा पहिला मोठा चित्रपट ‘स्वर्गातल्या सावल्या’ (१९८६). त्यात ओउतिनेन सुपरमार्केटच्या गल्ल्यावर बसणारी इलोना आहेत आणि मात्ती पेल्लोनपॅ कचरागाडीवर काम करणारा निकांदर. दोघांचे प्रेम जमते, फिसकटते, पुन्हा जमते आणि शेवटी दोघे जहाजाने एस्टोनियाच्या राजधानीला, तालिनला, निघतात. काउरिस्मॅकी यांच्या पात्रांची भाषा हा एक वेगळाच प्रकार आहे. बोलीभाषेतली काटछाट टाळून ती छापील फिनिशमध्ये बोलतात. कचरा उचलणारा माणूस शाळेच्या पुस्तकातली प्रमाण मराठी बोलू लागला तर कसे वाटेल, तसे ते फिनिश कानांना वाटते. असा संवाद हसू न आणता म्हणणे अवघड. ओउतिनेन तो इतक्या सरळपणे म्हणतात की त्या बाईला दुसरे काही बोलताच येत नसावे असे वाटते. पुढच्याच वर्षी त्यांनी ‘हॅम्लेट’च्या आधुनिक रूपांतरात ओफेलिया केली. या हॅम्लेटचे राज्य म्हणजे एक कंपनी, आणि त्या कंपनीला रबरी बदकांच्या धंद्यात उतरायचे आहे!

त्यांची सर्वांत धारदार भूमिका ‘काडेपेटी कारखान्यातली मुलगी’ (तुलितिक्कुतेहतान त्युत्तो, १९९०) या चित्रपटातली. चित्रपट जेमतेम सत्तर मिनिटांचा. सुरुवातीला बराच वेळ पडद्यावर फक्त यंत्रे दिसतात : लाकडाचा ओंडका सोलला जातो, त्याच्या काड्या होतात, काड्या पेट्यांत भरल्या जातात. मग कुठे पट्ट्यावरच्या पेट्या तपासणारे इरिसचे हात दिसतात, नंतर चेहरा. आई आणि सावत्र बाप तिच्या पगारावर जगतात. संध्याकाळी ती नृत्यगृहात भिंतीलगतच्या बाकावर बसते. शेजारच्या बायकांना एकेक पुरुष येऊन घेऊन जातो, बाक रिकामा होत जातो आणि इरिस आपल्या पेयाच्या बाटलीसह तिथेच राहते. या प्रसंगात ओउतिनेन जवळजवळ काहीच करीत नाहीत. नजर थोडी खाली जाते, इतकेच.

पगाराच्या पैशातून तिने झगा घेतला म्हणून घरात थप्पड बसते. झगा घालून ती बाहेर जाते, एक पुरुष तिला घरी नेतो आणि सकाळी टेबलावर नोट ठेवून निघून जातो. पुढे दिवस राहतात, अपघात होतो, घराचे दार बंद होते. मग इरिस दुकानात जाऊन उंदराचे विष मागते आणि त्याने काय होते असे विचारते. मरतात, असे उत्तर येते. ते ऐकून तिला बरे वाटते. चित्रपटातला हा बहुधा एकमेव क्षण, जिथे तिला हवे ते मिळते. प्रेक्षक हसतो आणि हसल्याबद्दल स्वतःच चपापतो. या भूमिकेसाठी ओउतिनेन यांना युस्सी पुरस्कार मिळाला. १९४४ पासून दिला जाणारा हा फिनलंडचा मानाचा चित्रपट पुरस्कार आहे.

१९९४च्या ‘तातियाना, रुमाल सांभाळ’ या छोट्या कृष्णधवल चित्रपटात त्या एस्टोनियन प्रवासी झाल्या. घुमे फिनिश पुरुष आणि त्यांच्याशी बोलण्याचा प्रयत्न करून थकलेल्या दोन परदेशी बायका, एवढाच मामला. पुढच्या वर्षी पेल्लोनपॅ वारले. काउरिस्मॅकी यांनी त्यांना डोळ्यांसमोर ठेवून एका उपाहारगृहातल्या मुख्य वाढप्याची गोष्ट योजली होती. ती भूमिका आता स्त्रीची झाली आणि ओउतिनेन यांच्याकडे आली. ‘ढग दूर पळतात’ (काउआस पिल्वेत कार्कावात, १९९६) हाच तो चित्रपट. पार्श्वभूमी १९९०च्या दशकातल्या मंदीची. सोव्हिएत संघ कोसळल्याने तिकडचा व्यापार आटला, बँका अडचणीत आल्या आणि १९९०च्या सुमारास ३ टक्क्यांच्या आसपास असलेली बेकारी १९९४ पर्यंत १६ टक्क्यांच्या वर गेली. चित्रपटात ट्राम चालवणाऱ्या नवऱ्याची नोकरी पत्ते ओढून ठरवली जाते. ज्याला वाईट पान येईल तो घरी. पाठोपाठ त्याची बायको इलोना (ओउतिनेन) जिथे काम करते ते ‘दुब्रोवनिक’ उपाहारगृहही बंद पडते. दारोदार काम मागताना या बाईची पाठ ताठ असते आणि केस नीट बसवलेले असतात; ती कुठेही रडून दाखवीत नाही. तिच्या घरात एका लहान मुलाचे छायाचित्र दिसते. जोडप्याचे ते गेलेले मूल. प्रत्यक्षात ते छायाचित्र बालपणीच्या पेल्लोनपॅ यांचे आहे. ही गोष्ट ठाऊक असेल तर इलोनाचे त्या छायाचित्राकडे पाहणे निराळेच दिसते. याही भूमिकेला युस्सी मिळाला.

‘युहा’ (१९९९) हा युहानी आहो यांच्या १९११च्या कादंबरीवरचा मूकपट. त्यात ओउतिनेन शहरी पाहुण्याच्या नादी लागून घर सोडणारी मार्या झाल्या. ‘भूतकाळ नसलेला माणूस’मधली, कान महोत्सवाचे पारितोषिक मिळवून देणारी इर्मा मात्र साल्व्हेशन आर्मी या ख्रिस्ती सेवाभावी संघटनेच्या गणवेशात गरिबांना सूप वाढते. रात्री आपल्या खोलीत पलंगावर पडून ती रेडिओवर रॉक अँड रोल ऐकते, तेव्हा गणवेशाआडची बाई पहिल्यांदा दिसते. २००२च्या त्या महोत्सवात परीक्षक मंडळाचे अध्यक्ष अमेरिकन दिग्दर्शक डेव्हिड लिंच होते. चित्रपटालाही ग्राँ प्री हे महोत्सवातले दुसऱ्या क्रमांकाचे पारितोषिक मिळाले आणि पुढे ऑस्करसाठी नामांकनही.

त्याच वर्षी ओउतिनेन हेलसिंकीच्या नाट्य अकादमीत अभिनयाच्या प्राध्यापक झाल्या आणि २०१३ पर्यंत त्यांनी ते पद सांभाळले. ‘ल आव्र’ (२०११) मध्ये त्यांनी फ्रेंचमधून भूमिका केली : बूटपॉलिशवाल्याची आजारी पत्नी आर्लेती, दुखणे किती गंभीर आहे हे नवऱ्यापासून लपवणारी. त्यांच्या फ्रेंचमध्ये परका हेल आहे आणि तो लपवण्याचा प्रयत्न नाही.

काउरिस्मॅकी यांच्या नंतरच्या चित्रपटांत त्या कधी ओझरत्याच दिसतात. ‘सांजवेळचे दिवे’ (२००६) मध्ये त्या पुन्हा सुपरमार्केटच्या गल्ल्यावर आहेत, वीस वर्षांपूर्वीच्या इलोनासारख्याच. ‘आशेची दुसरी बाजू’ (२०१७) मध्ये त्या कपड्यांच्या दुकानाच्या मालकीण आहेत. शर्टांचा साठा विकायला आलेल्या फिरत्या व्यापाऱ्याला ही बाई सांगते की ती धंदाच बंद करते आहे. मेक्सिको सिटीला जाऊन साके प्यायची आणि हुला-हुला नाचायचे असा तिचा बेत आहे. हे सांगताना तिच्या चेहऱ्यावरची रेघ हलत नाही.